शिकागो (मूकपट, १९२७)

मूकपटांचे युग संपत आले असताना, डिसेंबर १९२७ मध्ये प्रदर्शित झालेला अमेरिकन गुन्हेगारीपट. मॉरीन डॅलस वॉटकिन्स यांच्या याच नावाच्या नाटकावरून लेनोर जे. कॉफी यांनी त्याची पटकथा लिहिली. श्रेयनामावलीत दिग्दर्शक म्हणून फ्रँक अर्सन यांचे नाव आहे; मात्र बराचसा चित्रपट निर्माते सेसिल बी. डीमिल यांनीच दिग्दर्शित केला, असे अभ्यासक मानतात. येशूच्या जीवनावरील त्यांचा ‘द किंग ऑफ किंग्ज’ त्याच वर्षी आला होता. त्यापाठोपाठ प्रियकराचा खून करणाऱ्या विवाहितेच्या कथेला दिग्दर्शक म्हणून स्वतःचे नाव देणे त्यांना अडचणीचे होते.

कथेची मुळे १९२४ मधल्या शिकागोत आहेत. ‘शिकागो ट्रिब्यून’च्या वार्ताहर असताना वॉटकिन्स यांनी ब्यूला ॲनन आणि बेल्व्हा गर्टनर यांच्यावरील खुनाच्या खटल्यांचे वार्तांकन केले. ॲननने प्रियकराला गोळी घातल्यावर ग्रामोफोनवर नाचगाण्याची तबकडी लावली होती, आणि खटल्याआधी तिने आपण गरोदर असल्याचे जाहीर केले. वर्तमानपत्रांनी तिच्या सौंदर्याचे रकानेच्या रकाने छापले. इलिनॉय राज्यात तेव्हा ज्यूरीत फक्त पुरुष बसत. दोघीही निर्दोष सुटल्या. पुढे येल विद्यापीठात प्रा. जॉर्ज पियर्स बेकर यांच्याकडे नाट्यलेखन शिकताना वॉटकिन्स यांनी याच अनुभवातून बोचरे प्रहसन लिहिले. ३० डिसेंबर १९२६ रोजी ते ब्रॉडवेवर आले आणि त्याचे १७२ प्रयोग झाले.

नाटकाचा सगळा जोर चुरचुरीत संवादांवर होता. मूकपटात ते मथळ्यांच्या पाट्यांपुरते उरणार, हे उघडच होते. ती उणीव चेहऱ्यांनी भरून काढली. नायिका रॉक्सी हार्टच्या भूमिकेतील फिलिस हेव्हर मूळच्या मॅक सेनेट यांच्या विनोदी लघुपटांतल्या, त्यामुळे मुद्राभिनय त्यांच्या अंगवळणी पडलेला. वकील फ्लिन (रॉबर्ट एडसन) खटल्यापूर्वी रॉक्सीकडून लाजणे, भेदरणे, डोळ्यांत पाणी आणणे यांची तालीम करून घेतो. मग न्यायालयात तेच भाव ती ज्यूरीपुढे वठवते. न्यायदानाचे नाटक कसे होते, हे इथे एकाही शब्दाविना कळते. मूकपट पाहायची सवय नसलेल्यांनीही हा भाग जरूर पाहावा.

कथानकातला सर्वांत मोठा बदल रॉक्सीच्या नवऱ्याबाबत आहे. नाटकातला एमस हा भोळसट, हसू यावे असा माणूस. चित्रपटात व्हिक्टर व्हारकोनी या देखण्या हंगेरियन नटाने साकारलेला एमस बायकोला वाचवण्यासाठी फ्लिनच्याच घरी चोरी करतो आणि त्याच पैशांतून त्याची फी भागवतो. सुटकेनंतर तो रॉक्सीला घराबाहेर काढतो. नाटकात ती रंगमंचावर नाव कमावण्याची स्वप्ने पाहत मोकळी होते. इथे तिला शिक्षा मिळते. त्यामुळे उपहासाची धार बोथट झाली, हे मान्य करावे लागते. तरीही तिचे नाव छापलेला वर्तमानपत्राचा कागद पावसात भिजून गटारात वाहून जातो, ते दृश्य पाहिल्यावर वॉटकिन्स यांचा मूळ राग कुठेच हरवलेला नाही असे वाटते.

दीर्घकाळ हा चित्रपट नष्ट झाल्याचे समजले जात होते. डीमिल यांच्या खासगी संग्रहात एक प्रत जपली गेली होती. तिच्यावरून लॉस एंजेलिसमधील कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या चित्रपट संग्रहालयाने तो पुनरुज्जीवित केला. मधल्या काळात नाटकावर १९४२ मध्ये ‘रॉक्सी हार्ट’ हा बोलपट निघाला. त्यात सेन्सॉरच्या संहितेमुळे नायिकेने खून केलाच नाही असे दाखवावे लागले. संगीतिकेचे हक्क वॉटकिन्स यांनी हयातभर दिले नाहीत. त्यांचे १९६९ मध्ये निधन झाले; नंतर हक्क मिळाल्यावर बॉब फॉसी यांची संगीतिका १९७५ मध्ये रंगमंचावर आली आणि तिच्यावरील २००२ च्या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले.