आर्काइव्ह फुटेज शोधणं

फिल्म किंवा डॉक्युमेंटरीसाठी आधीच कुणीतरी शूट करून ठेवलेली दृश्यं हुडकायची, ती नेमकी कशाची आहेत ते तपासायचं आणि वापरायची रीतसर परवानगी मिळवायची, हे ते काम. करणाऱ्याला फुटेज रिसर्चर किंवा आर्काइव्ह प्रोड्यूसर म्हणतात. लोकांना वाटतं नेटवर सर्च मारला की झालं, पण खरी मेहनत सापडल्यानंतर सुरू होते.

याची सुरुवात बरीच जुनी आहे. 1927 मध्ये एस्फिर शुब या रशियन बाईंनी झारच्या राजवटीच्या शेवटावर अख्खी फिल्म जुन्या न्यूजरील (थिएटरात दाखवायच्या बातम्यांच्या फिल्म) आणि झारच्या घरच्या रिळांमधून जुळवली होती.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे ओळख पटवणं. डब्यावरचं लेबल चुकीचं असू शकतं, एकाच लढाईचा शॉट वर्षानुवर्षं दुसऱ्याच लढाईचा म्हणून फिरत असतो, म्हणून डोप शीट, म्हणजे काय, कुठे, कधी शूट केलं याची कॅमेरामनने लिहिलेली नोंद, मिळाली तर ती वाचायची, मग गणवेश, गाड्या, पाट्या, झाडांची पानं, सावल्या, सगळं एकेक फ्रेम थांबवून बघायचं. फ्रान्समधल्या सोम नदीकाठच्या 1916 च्या लढाईवरच्या ब्रिटिश फिल्ममधला तो शॉट घ्या, सैनिक खंदकातून वर चढतात आणि एकजण तिथेच मागे घसरून पडतो. पहिल्या महायुद्धाचं नाव काढलं की हाच दाखवतात, पण नीट बघितलं तर सैनिकांच्या पाठीवर जड सामान नाही, आणि कॅमेरा जिथे आहे तिथे खऱ्या गोळीबारात माणूस उभाच राहू शकला नसता. तो शॉट आघाडीच्या मागे घडवून आणलेला होता असं अभ्यासक मानतात. वापरायला हरकत नाही, पण खरा हल्ला म्हणून दाखवणं म्हणजे बघणाऱ्याची फसवणूकच, असं मला ठामपणे वाटतं.

एडिटला आधी स्क्रीनर मिळतो, म्हणजे वॉटरमार्क आणि टाइमकोड छापलेली हलकी कॉपी. कट लॉक झाला, म्हणजे एडिट पक्का ठरला, की वापरलेले सेकंद मोजून मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची कॉपी, मागवायचा आणि पैसे भरायचे. दर ठरतो कुठल्या देशात, किती वर्षं, टीव्ही की थिएटर की ऑनलाइन, यावर. अमेरिकन सरकारने स्वतः शूट केलेलं, म्हणजे नासाचं वगैरे, तिथे बहुतेक कॉपीराइटमुक्त असतं, पण आत वाजणारं गाणं तसं नसतं, आणि ही गोष्ट हमखास राहून जाते.

जुनी नायट्रेट फिल्म भडकन पेटते, नंतरची अ‍ॅसिटेट सडते आणि डबा उघडला की व्हिनेगरचा वास येतो, त्यामुळे कितीतरी रिळं गेली ती गेलीच. पण 1978 मध्ये कॅनडातल्या डॉसन सिटीत जुन्या स्विमिंग पूलमध्ये पुरलेली मूकपटांची पाचशेहून जास्त रिळं निघाली, थंड जमिनीने ती जपली होती.

लायसन्सची मुदत मात्र विसरू नये. अमेरिकन नागरी हक्क चळवळीवरची 'आईज ऑन द प्राइझ' ही मालिका फुटेज, फोटो आणि गाण्यांचे हक्क संपल्यामुळे कितीतरी वर्षं टीव्हीवर दाखवताच येत नव्हती, ते परत विकत घेतल्यावर 2006 मध्ये ती पुन्हा लागली.