प्रवाळऱ्हास, कोकण किनाऱ्यावरील

सिंधुदुर्ग जिल्ह्यात, मुख्यतः मालवणच्या खडपांवर (समुद्रातील खडकांवर) वाढणाऱ्या प्रवाळ वसाहती समुद्राची उष्णता, गाळ आणि माणसाचा वावर यांमुळे खंगत जाण्याची प्रक्रिया. पर्यटनाच्या जाहिरातींत ‘मालवणची प्रवाळभित्ती’ असा शब्द सर्रास येतो. तो काटेकोर नाही. लक्षद्वीप, अंदमान-निकोबार, मन्नारचे आखात आणि कच्छचे आखात येथे प्रवाळांनी आपल्याच चुन्यातून भित्ती उभारल्या आहेत. मालवणात सिंधुदुर्ग किल्ल्याभोवतीच्या कातळावर त्यांची सुटी ठिगळे दिसतात: खडक आधीचा, प्रवाळ वरचा भाडेकरू. महाराष्ट्रासमोरची मोठी प्रवाळवाढ विजयदुर्गापासून सुमारे १०५ किमी पश्चिमेला, आंग्रिया बँक या बुडालेल्या पठारावर आहे. त्याचा माथा पाण्याखाली साधारण २० मीटरवर येतो. अंगठीत बसवतात ते पोवळे मात्र यांपैकी नव्हे. ते प्रामुख्याने भूमध्य समुद्रातील लाल प्रवाळाचे.

प्रवाळ हा वसाहतीने राहणारा प्राणी. त्याच्या पेशींत सूक्ष्म शैवाले राहतात आणि प्रवाळाला लागणाऱ्या ऊर्जेचा मोठा वाटा, अनेकदा ९० टक्क्यांपर्यंत, तीच पुरवतात, रंगही त्यांचाच. पाणी त्या जागेच्या नेहमीच्या कमाल उन्हाळी तापमानापेक्षा १ अंश सेल्सियसने चढून चारेक आठवडे तसेच राहिले, की शैवालांचे प्रकाशसंश्लेषण बिघडते, घातक ऑक्सिजन संयुगे तयार होतात आणि प्रवाळ शैवालांना बाहेर टाकतो. यालाच विरंजन म्हणतात. विरंजित प्रवाळ उपाशी असतो, मेलेला नसतो. पाणी लवकर निवले तर काही आठवड्यांत-महिन्यांत रंग परततो. उष्णता दुप्पट काळ रेंगाळली तर मोठ्या प्रमाणावर मर होते.

कोकणात हा धोका एप्रिल-मेमध्ये सर्वाधिक असतो. जूनचे ढग आणि वारा पाणी थंड करतात, म्हणून उशिरा येणारा पाऊस शेतकऱ्याइतकाच प्रवाळालाही जड जातो. मालवणात २०१४ ते २०१९ या काळात विरंजन पुनःपुन्हा नोंदले गेले. घाव भरण्याआधी दुसरा बसणे, हीच खरी अडचण. त्यात पावसाळ्यात नद्या-खाड्यांतून जांभ्याची तांबडी माती येते, खारटपणा उतरतो, पाणी गढूळ होते. अंगावर बसलेला गाळ प्रवाळ श्लेष्मा (बुळबुळीत स्राव) सोडून झटकतो. त्यात ऊर्जा जाते आणि विरंजनानंतर ती शिल्लकच नसते. नाजूक फांद्यांच्या जातींपेक्षा पोरायटीससारखे गोळे आणि टर्बिनेरियासारखी पाने इथे टिकतात, ते या सोसण्याच्या ताकदीमुळे. पोरायटीसचा गोळा वर्षाला साधारण १ सेंमी वाढतो. बोटीच्या नांगराने फुटलेला ३० सेंमीचा गोळा भरून यायला किती काळ लागेल, हा हिशेब सोपा आहे.

पाहणीत विरंजन आणि मृत्यू यांची गल्लत हमखास होते. विरंजित प्रवाळावर पारदर्शक ऊती शाबूत असते, जवळून पाहिल्यास बहुशुंडक (वसाहतीतले एकेक छोटे प्राणी) दिसतात. मेलेल्याचा सांगाडा उघडा पडतो आणि थोड्याच दिवसांत त्यावर शेवाळाची लव चढते. एकाच ठिकाणी, ठरलेल्या खोलीवर मोजपट्टी अंथरून तिच्याखालचे जिवंत, पांढरे व मृत भाग नोंदवावेत. पावसाळ्याआधी एकदा आणि पाणी निवळल्यावर, नोव्हेंबरनंतर, पुन्हा. एका फेरीवरून ऱ्हास ठरवता येत नाही.

उष्णतेवर मालवणात इलाज नाही, नांगरावर आहे. नेहमीच्या डुबकीच्या जागी वाळूत कायमचा भार टाकून त्याला तरंगता बोया बांधला, की बोटी त्यालाच दोरी लावतात आणि खडपावर नांगर पडत नाही. दोरीला भरती-ओहोटीपुरती ढील हवी, पण इतकी नाही की ती तळाशी घासेल. पहिल्यांदाच उतरणारा पर्यटक पायांखाली काही लागले की उभा राहतो, म्हणून नवख्यांना वाळूवरच उतरवावे. माशांना पाव-बिस्किटे टाकण्याची हौसही वाईट: शेवाळ खाणारे मासे तुकड्यांमागे लागतात आणि प्रवाळावर शेवाळ माजते. तुटलेली जाळी ओढून काढू नयेत, कापून सोडवावीत.

प्रवाळ पुनर्रोपणाचा गाजावाजा बराच होतो. तुटलेले ५ ते १० सेंमीचे तुकडे काँक्रीटच्या आधारावर इपॉक्सीने (घट्ट होणाऱ्या डिंकाने) चिकटवतात. तुकडा हलला तर तळाशी नवी ऊती पसरत नाही. आधार मऊ गाळात असेल तर तो रुततो. एप्रिलमध्ये लावले तर उष्णतेच्या तोंडीच दिले. जिथे गाळ किंवा नांगर थांबलेला नाही तिथे हे काम वाया जाते.

जगातील समुद्रतळाच्या १ टक्क्याहून कमी भागात प्रवाळभित्ती आहेत, पण सुमारे २५ टक्के सागरी जाती त्यांच्यावर विसंबतात. लक्षद्वीपमध्ये भित्ती लाटा अडवते. कोकणातल्या ठिगळांकडून ती अपेक्षा फोल आहे. इथे महत्त्व आहे ते आडोशाचे. गोबरा, तांबोशी, शेवंड यांना खडपातल्या कपारी लागतात. प्रवाळ मरून सांगाडा झिजला की कपारी बुजतात आणि गरीने मासे धरणाऱ्या छोट्या होडीवाल्याला ते आधी कळते.

१९८७ मध्ये जाहीर झालेल्या मालवण सागरी अभयारण्याचे क्षेत्र २९.१२ चौ. किमी असून त्यातील गाभा ३.१८ चौ. किमी आहे. मच्छीमारांचा त्याला विरोध राहिला. दगडी प्रवाळ वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत आहेत. किनाऱ्यावर वाहून आलेला तुकडा घरी नेणेही या कायद्याने चालत नाही. आंग्रिया बँक मात्र १२ सागरी मैलांच्या प्रादेशिक हद्दीच्या खूप बाहेर पडते, त्यामुळे तिथला निर्णय राज्याच्या नव्हे, केंद्राच्या हाती आहे.