बनी-फिंचचा संसार

मूकपटातला विनोद म्हटला की पाठलाग, पडापड आणि तोंडावर फेकलेले केक आठवतात. त्याच्या आधी काही वर्षं मात्र प्रेक्षक नवरा-बायकोच्या कुरबुरींवर पोट धरून हसत होते. जॉन बनी आणि फ्लोरा फिंच ही त्यातली सर्वांत गाजलेली जोडी.

न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातल्या व्हायटाग्राफ या चित्रपट कंपनीत १९१० मध्ये बनी आला, तेव्हा त्याची चाळिशी कधीच उलटली होती आणि नाटकांतला दांडगा अनुभव गाठीशी होता. तो अवाढव्य, तर मूळची इंग्लंडची फिंच अगदी काटकुळी. एका रिळाचा चित्रपट जेमतेम पंधरा मिनिटांचा, त्यात आवाज नाही; पात्रांची ओळख करून द्यायला सवड कुठली? ही दोघं शेजारी उभी राहिली की तो संसार कळायचाच.

१९१२ चा ‘अ क्युअर फॉर पोकरायटिस’ आजही पाहायला मिळतो. पत्त्यांत हरून रात्री घरी परतलेला नवरा बायकोला शब्द देतो, की पुन्हा पोकर खेळणार नाही. मग कुठल्याशा मंडळाच्या साप्ताहिक सभेच्या नावाखाली गुपचूप डाव सुरू होतो. झोपेत बरळून तो स्वतःच पकडला जातो. बायको आरडाओरडा करत नाही. चुलतभावाच्या मदतीने ती खोट्या पोलिसांची धाड घालते आणि मागोमाग सगळ्या खेळाडूंच्या बायका दारात हजर! भरल्या घरात हे आजही कोणालाही समजावून सांगावं लागणार नाही.

बनी एप्रिल १९१५ मध्ये वारला. त्याच्या शेकडो लघुपटांपैकी फार थोडे उरले, याची हळहळ वाटते. पुढे सिडनी ड्रू आणि त्याची बायको ल्युसिल मॅकव्हे यांनी हाच विनोद आणखी हळुवार केला. पटकथांची बाजू मुख्यतः ल्युसिलची. तिचं नाव मात्र पडद्यावर बहुधा ‘मिसेस सिडनी ड्रू’ एवढंच.

आपल्याकडे याच सुमारास, १९१४ मध्ये, दादासाहेब फाळक्यांनी ‘मोहिनी भस्मासुर’सोबत एक छोटा विनोदी चित्रपट दाखवला. पौराणिक कथेच्या जोडीला आलेल्या त्या चित्रपटाचं नावच थेट स्वयंपाकघरातलं होतं: ‘पिठाचे पंजे’.