काकाडूच्या भिंतीवर समुद्र किती आत आला होता ते दिसतं

उत्तर ऑस्ट्रेलियातलं काकाडू नॅशनल पार्क लोकांना मगरींमुळे माहीत असतं, पण मला विचाराल तर तिथे खरं बघायचं ते उबिर आणि बुरुंगकुयच्या वालुकाश्मातल्या कपारी, जिथे बिनिंज आणि मुंगुय या तिथल्या मूळ रहिवासी लोकांनी हजारो वर्षं चित्रं काढलीत, एकावर एक, जागा मिळेल तशी.

आणि मजा म्हणजे चित्रात कोणते प्राणी आहेत यावरून तेव्हा समुद्र कुठे होता ते कळतं! हिमयुगात समुद्राची पातळी १०० मीटरहून जास्त खाली होती, किनारा शेकडो किमी लांब, त्यामुळे जुन्या चित्रांत कांगारू वगैरे जमिनीवरचे प्राणी. मग बर्फ वितळलं, साधारण ८,००० वर्षांपूर्वी खारं पाणी नद्यांच्या खोऱ्यांत शिरलं, आणि भिंतीवर बारामुंडी मासे आले, तेही एक्सरे काढल्यासारखे, पाठीचा कणा, आतले अवयव सगळं दाखवलेलं. मासा रोज कापून खाणाराच असं काढू शकतो. पुढे गाळ साचून गोड्या पाण्याची दलदल झाली, बदकं-हंस वाढले, मग हंसाच्या पिसांचे पंखे घेतलेली माणसं दिसायला लागतात, आणि शेवटी शिडाची जहाजं अन् बंदुका.

उबिरला पाठीवर पट्टे असलेला एक थायलसिन (कुत्र्यासारखा दिसणारा, आता नामशेष झालेला शिकारी प्राणी, ‘टास्मानियन टायगर’) पण आहे. ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवरून हा प्राणी साधारण ३,००० वर्षांपूर्वीच संपला, म्हणजे चित्र निदान तेवढं जुनं असणारच. असले पुरावे शोधावे लागतात कारण गेरूत कार्बन नसतो, मग कार्बन डेटिंग करणार कशाचं? शिवाय गेरूतलं आयर्न ऑक्साइड दगडात मुरतं, पांढरी माती मात्र पोपडे धरून गळते, त्यामुळे आज नुसतं लाल दिसणारं चित्र मुळात रंगीत असू शकतं.

बुरुंगकुयची सगळ्यात फेमस चित्रं मात्र १९६०च्या दशकातली आहेत, नायोम्बोल्मी नावाच्या चित्रकाराने जुन्यांवरच नव्याने काढलेली. "मग ओरिजिनल गेलं की!" असं आपल्याला वाटतं, पण तिथे आधीच्या चित्रावर परत रंगवणं ही चालत आलेली रीतच आहे, त्यात नासधूस कसली.

नासधूस केली ती बाहेरून आणून सोडलेल्या म्हशींनी, भिंतींना अंग घासून घासून. १९८०च्या दशकात त्या बऱ्याचशा हटवल्या. पावसाचं पाणी चित्रांवरून ओघळू नये म्हणून काही ठिकाणी वर खडकाला सिलिकॉनची बारीक कड चिकटवलेली असते, गेलात तर मान वर करून नक्की बघा.