केसपेपरवरचा ‘एफ ४१.१’

मावशीने केसपेपर माझ्यापुढे धरला आणि कोपऱ्यात बोट ठेवलं. ‘हा कसला नंबर रे? ईसीजी चांगला आला, थायरॉइडही चांगलं म्हणाले. मग हे काय लिहिलंय?’ निळ्या शाईत लिहिलं होतं : एफ ४१.१.

मावशी लालबागच्या चाळीत राहते. मुलगा अंधेरीहून निघाला की दादरला गाडी बदलून करी रोडला उतरेपर्यंत ती गॅलरीत कठड्याला धरून उभी. पावसात पाणी तुंबलं की अख्ख्या मुंबईच्या जिवाला घोर लागतो. २६ जुलै २००५ पाहिलेल्यांना तर लागणारच. मावशीला तो मार्चमधल्या कोरड्या संध्याकाळीही लागायचा. मुलगा घरी आला की गॅस बंद केला का, मग लाइट बिल, मग नातीची परीक्षा. रात्री झोप तुटायची, मान आखडायची, छातीत धडधडायचं. हे हृदयाचंच दुखणं, असं तिने ठरवून टाकलं होतं.

तो ‘नंबर’ म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणातला, आयसीडीतला, पत्ता. दहाव्या आवृत्तीत ‘एफ’ हे मन आणि वर्तनाच्या आजारांचं प्रकरण. हे अक्षर दिसलं की घरचे दचकतात, पण त्याच प्रकरणात तंबाखूचं व्यसनही येतं आणि मानसिक कारणाने उडालेली झोपही. ४१ म्हणजे चिंतेचे असे आजार, ज्यात भीती उंची, गर्दी अशा एखाद्या ठरावीक गोष्टीला बांधलेली नसते. बिंदूनंतर ० असेल तर पॅनिक, म्हणजे अचानक उसळून येणारे भीतीचे झटके. १ असेल तर जनरलाइज्ड अँक्झायटी डिसऑर्डर.

इथे ‘जनरलाइज्ड’चा अर्थ ‘साधी’ असा घेतला जातो, आणि मला ते फार खटकतं. ही चिंता साधी नसते, ती सगळीकडे पसरलेली असते. एक कारण मिटलं की दुसऱ्याला जाऊन चिकटते. बहुतेक दिवस, आणि महिनोन् महिने. सोबत अंगाचा ताण, घाम, धडधड, चक्कर. पूर्वी हे आणि पॅनिक ‘अँक्झायटी न्यूरोसिस’ या एकाच नावाखाली जायचं. अमेरिकेतल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने १९८० साली आपल्या नियमावलीत दोन्ही वेगळे केले.

मुळात आयसीडीची ही यादी जिवंत माणसांसाठी नव्हतीच. झाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ मध्ये मांडली ती मृत्यूच्या कारणांची यादी, वेगवेगळ्या देशांतल्या नोंदी एकमेकींशी ताडून पाहता याव्यात म्हणून. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत आजारही आले, मनाचे धरून. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे. तिच्यात मावशीच्या आजाराचा कोड ६बी०० असा आहे. आपल्याकडच्या कागदांवर मात्र जुना ‘एफ’ अजूनही भेटतो.

मावशीच्या आधीच्या एका कागदावर एफ ४१.९ होतं. शेवटचा ९ म्हणजे ‘चिंतेचा आजार, प्रकार नमूद नाही’. पहिल्या भेटीत तो लिहिणं अगदी रास्त आहे. थायरॉइड वाढलं तरी हात थरथरतात, धडधडतं. ते तपासायला वेळ लागतो, शिवाय तो आजार निघाला तर कोडही वेगळाच. पण तपासण्या झाल्यावरही ९ तसाच पुढे सरकत राहिला, तर पुढच्या डॉक्टरला त्यातून काहीच कळत नाही. ‘याचा नेमका प्रकार कोणता?’ हे पेशंटने बेलाशक विचारावं.

कागदावरच्या या अक्षरांना आपल्याकडे कायद्याचाही आधार आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्यानुसार मानसिक आजार ठरवायचा तो मान्य वैद्यकीय निकषांवर, आणि त्यात आयसीडीच्या ताज्या आवृत्तीचा थेट उल्लेख आहे. विमा कंपन्यांनी मनाच्या आजारांनाही शरीराच्या आजारांसारखंच संरक्षण द्यावं, हेही त्याच कायद्यात आहे.

एक गोष्ट मात्र हा कोड सांगत नाही : आजार किती आहे. एफ ४१.१ पहिल्या दिवशी जसा, तसाच सहा महिन्यांनंतरही. ‘किती’ मोजायला जीएडी-७ नावाची सात प्रश्नांची चाचणी आहे. गेल्या दोन आठवड्यांत काळजी आवरता आली नाही असं किती दिवस झालं, स्वस्थ बसवेना असं किती दिवस झालं, असे प्रश्न. प्रत्येकाला ० ते ३ गुण, एकूण २१. पाचपासून सौम्य, दहापासून मध्यम, पंधरापासून तीव्र.

हे सांगितल्यावर मावशीने कोडाचा नाद सोडला. आता केसपेपर हातात आला की चष्मा लावून ती खाली लिहिलेला आकडा शोधते. पहिल्या वेळी तो १६ होता. गेल्या मंगळवारी ९.