बडोदे, कॅमेरा आणि गेलेली माणसे

गेलेल्या माणसांवर, मोडलेल्या घरांवर प्रायोगिक लघुपट निघाले की त्यांची मुळे युरोपात शोधली जातात. बडोदेकर मराठी माणसाने आधी आपल्या कलाभवनाकडे पाहावे.

सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये कलाभवन ही कला आणि तंत्र शिकवणारी संस्था काढली. धुंडिराज गोविंद (दादासाहेब) फाळके थोरल्या भावाबरोबर बडोद्याला आले आणि तिथे चित्रकला, मूर्तिकाम, छायाचित्रण शिकले. पुढे गोध्र्यात त्यांनी फोटोचा व्यवसाय मांडला. प्लेगने त्यांची पत्नी आणि मूल नेले. ते बडोद्याला परतले, पण इथेही धंदा चालेना. कॅमेरा अंगातली शक्ती ओढून घेतो, आयुष्य घटवतो अशी लोकांची समजूत होती, असे त्यांच्या चरित्रात सांगतात. नुकतेच घर उजाडलेला माणूस आणि फोटोत मरण पाहणारे शहर! या लघुपटांच्या इतिहासाचे पहिले पान मला हेच वाटते.

१९१२ मध्ये फाळक्यांनी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ रोज थोडी थोडी टिपली. महिनाभराचे उगवणे मिनिटभरात पडद्यावर आले. काळ असा आवळता येतो, हे आपल्याकडे एका लघुपटानेच दाखवले. त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) मात्र आज अखंड उरलेला नाही.

नंतर प्रयोगांना आसरा मिळाला तो माहितीपट काढणाऱ्या सरकारी फिल्म्स डिव्हिजनमध्ये, विशेषतः साठच्या दशकात. चित्रकार तय्यब मेहतांनी तिथेच ‘कूडल’ (१९७०) हा लघुपट केला. फाळणीच्या दंगलीत खिडकीतून पाहिलेली हत्या त्यांना जन्मभर सोडून गेली नाही. वांद्र्याच्या कत्तलखान्यातले जनावर त्याच आठवणीतून पडद्यावर आले.

बडोद्यात १९५० मध्ये विद्यापीठाची ललित कला शाखा सुरू झाली. तिथे शिकलेल्या विवान सुंदरम यांनी पुढे आजोबांनी काढलेले कौटुंबिक फोटो संगणकावर जोडून वेगवेगळ्या काळांतली माणसे एका चौकटीत आणली. तो चित्रपट नव्हे, पण आजचे लघुपटकार घरचे फोटो आणि जुनी रिळे वापरतात ती याच रीतीने.

घरगुती ८ मिमी रिळे बहुधा रिव्हर्सल फिल्मवर असत. कॅमेऱ्यातली फिल्मच धुऊन पडद्यावर दाखवायची. वेगळी निगेटिव्ह नाही. प्रत्येक खेळात ती एकुलती प्रत थोडी झिजते, चरे पडतात. बरेच दिग्दर्शक ते चरे मुद्दाम ठेवतात. माळ्यावर आजोबांच्या मुंजीचे रीळ सापडले, तर प्रोजेक्टरवर चढवण्याआधी स्कॅन करून घ्यावे.