सिंहगडाची घोरपड आली कुठून?

सिंहगडावर माहितीपट करणाऱ्याला एक शॉट हटकून हवा असतो: काळोख, कडा आणि कमरेला दोर बांधलेली घोरपड, जिच्या दोराला धरून तानाजी मालुसऱ्यांचे मावळे गड चढले असं सांगतात. दिसतो झकास, पण इतिहास म्हणून टिकत नाही.

तानाजींनी गड घेतला त्या ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्रीचा जुना वृत्तांत सभासद बखरीत, म्हणजे सभासदाने लिहिलेल्या शिवचरित्रात आहे, घटनेनंतर साधारण पाव शतकाने लिहिलेला. त्यात घोरपड नाहीच. निवडक दोन मावळे वानरासारखे कडा चढून गेले, त्यांनी वर माळ, म्हणजे दोराची शिडी, लावली आणि तिच्यावरून सुमारे तीनशे जण चढले, एवढंच सभासद सांगतो. 'यशवंती' घोरपड भेटते ती तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यात. डफावर थाप पडली की असं जनावर लागतंच. शाहिराला का बोल लावा?

घोरपड कपारीत घट्ट रुतून बसते, हे खरं. पण ती हुकमासरशी नेमकी कड्याच्या माथ्यावर जाऊन बसेल, या भरवशावर कोण जीव टांगणार? तेव्हा घोरपड दाखवायचीच तर शाहिराच्या तोंडून दाखवा, निवेदकाच्या नको. आणि जिवंत घोरपड आणायचा बेत असेल, तर ती वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वाधिक संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे.